चाइल्ड लाइफ स्पेशालिस्ट प्रत्यक्षात काय करतात? सुई, एमआरआय, भूल, ड्रेसिंग: तपशीलवार चर्चा

निळीशाई

मुलांच्या आजारपणाच्या धाग्यांवर "सुई दिसली की मूल आकांत करतं, काय करावं?" हा प्रश्न सारखा येतो. उत्तरं साधारण दोनच: घट्ट धरा आणि उरकून टाका, नाहीतर हातात मोबाइल द्या. पण याच प्रश्नावर दिवसभर काम करणारा एक पेशा आहे, चाइल्ड लाइफ स्पेशालिस्ट. ब्रिटनमध्ये याच धर्तीचं काम हेल्थ प्ले स्पेशालिस्ट करतात. त्यांच्या पद्धती घरच्यांना, नर्सना आणि लॅबमधल्या लोकांनाही वापरता येतात, म्हणून हा स्वतंत्र धागा.

हे लोक डॉक्टर नसतात, नर्स नसतात, मानसोपचारतज्ज्ञही नसतात. ते टोचत नाहीत, औषध देत नाहीत आणि मुलाला दाबून धरत नाहीत. त्या खोलीत एक तरी माणूस असा हवा, ज्याच्या हातून आपल्याला कधीच दुखत नाही, याची मुलाला खात्री असावी लागते. काय होणार आहे ते मुलाला त्याच्या वयाला झेपेल असं सांगायचं, होत असताना सोबत करायची, आणि झाल्यावर मनात जे साचलंय ते खेळातून बाहेर येऊ द्यायचं, हा कामाचा गाभा. आईवडील आणि भावंडं हाही त्याच कामाचा भाग.

थोडा इतिहास. विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत अनेक हॉस्पिटलांत आईवडिलांना ठरलेल्या वेळीच, तेही थोडा वेळ, भेटता यायचं. जेम्स रॉबर्टसन आणि जॉन बोल्बी या ब्रिटनमधल्या संशोधकांनी एकट्या पडलेल्या लहान मुलांच्या वागण्यात तीन टप्पे नोंदवले: आधी आकांत, मग खचून गप्प होणं, आणि शेवटी आईशीही अलिप्तपणा. वॉर्डातले लोक दुसऱ्या-तिसऱ्या टप्प्याला "मूल रुळलं" समजत. हॉस्पिटलातल्या मुलांबद्दलच्या ब्रिटनच्या 1959 सालच्या प्लॅट अहवालानं भेटीवरचे निर्बंध काढण्याची आणि लहान मुलांसोबत आईला राहू देण्याची शिफारस केली. अमेरिकेत 1955 साली एमा प्लँक यांनी क्लीव्हलँड सिटी हॉस्पिटलात मुलांच्या खेळाचा आणि शिक्षणाचा विभाग उभा केला. त्या मूळच्या व्हिएन्नाच्या, माँटेसरी पद्धतीच्या शिक्षिका. आजच्या चाइल्ड लाइफ कामाची मुळं तिथे सापडतात.

जाणकारांनी आपापल्या विभागातलं लिहावं. "धीर द्यावा" वगैरे नको, नक्की काय करायचं ते लिहा.

खेळघर

चांगला धागा. सलाईनच्या सुईपासून सुरुवात करते, कारण ते सगळ्यात जास्त वेळा करावं लागतं आणि सगळ्यात जास्त बिघडतं.

पहिलं काम तासभर आधीचं: त्वचा बधिर करणारं मलम. लिग्नोकेन-प्रिलोकेन मलमाला किमान 60 मिनिटं लागतात. जाड थर ठेवायचा, चोळायचं नाही आणि वर पारदर्शक चिकटपट्टी लावायची. मलम दोन ठिकाणी लावून ठेवावं, कारण पहिली शीर हुकली तर दुसरी जागाही तयार हवी. यात एक खोच आहे: या मलमानं त्वचा पांढरी पडते आणि शिरा आकसतात. मलम पुसल्यावर लगेच शीर शोधायला गेलात तर सापडत नाही, आणि "मलमामुळे शीर मिळत नाही" अशी तक्रार येते. पुसून पाच-दहा मिनिटं थांबा, हात कोमट कपड्यात गुंडाळा, शीर वर येते. टेट्राकेन जेलचं उलट असतं. त्यानं त्वचा लाल होते, शिरा फुलतात, आणि सलाईनसाठी साधारण 45 मिनिटं पुरतात. तान्ह्या बाळांत प्रिलोकेनचं प्रमाण डॉक्टरांनीच ठरवायचं. जास्त झालं तर रक्ताची ऑक्सिजन वाहण्याची क्षमता घटते. जखमेवर किंवा सोललेल्या कातडीवर हे मलम लावायचं नाही.

दुसरं, बसायचं कसं. मुलाला आडवं झोपवून चौघांनी धरणं ही भीतीची सगळ्यात मोठी पायरी आहे. आडवं पाडलं की हातात काहीच उरत नाही हे दोन वर्षांच्या मुलालाही कळतं. त्यापेक्षा आईच्या मांडीवर तिच्याकडे तोंड करून, पाय तिच्या कमरेच्या दोन्ही बाजूंना, छातीला छाती. ज्या हाताला टोचायचं तो तिच्या काखेखालून मागच्या टेबलावर. आई दोन्ही हातांनी मिठी मारते, आणि एक सहायक फक्त मनगट आणि कोपर स्थिर ठेवतो. मुलाला सुई दिसत नाही, आई दिसते. टोचणाऱ्यालाही हात जास्त स्थिर मिळतो. नवीन लोकांना हे पटत नाही, एकदा करून पाहिलं की पटतं. मात्र आईला आधी समजावून सांगा की तिचं काम मिठी मारण्याचं आहे. धरून ठेवण्याची जबाबदारी तिच्यावर टाकू नका. आणि तिला चक्कर येत असेल तर दुसरं कोणी बसावं.

तिसरं, खोलीत बोलणारा आवाज एकच. सिस्टर "हलू नको", बाबा "बघ बघ पक्षी", डॉक्टर "झालं झालं", असे चार आवाज एकदम आले की मूल कशालाच धरू शकत नाही. कोण बोलणार ते दाराबाहेरच ठरवायचं.

चौथं, निवड द्यायची ती खरी. "आता टोचू का?" ही निवड नाही. मूल "नको" म्हणणार आणि तुम्ही तरीही टोचणार, मग पुढचं काहीच त्याला खरं वाटत नाही. डावा हात की उजवा, बघायचं की नाही, मोजायचं की गुपचूप, चिकटपट्टी स्वतः काढायची की सिस्टरनं, या खऱ्या निवडी. त्यातही दोन्ही हातांना शीर आहे याची खात्री झाल्याशिवाय हात विचारू नका.

आणि प्रयत्नांची मर्यादा आधी ठरलेली असावी. एका माणसाचे दोन प्रयत्न, मग हात बदलायचा किंवा थांबून विचार करायचा, असा नियम अनेक विभागांत असतो. घरच्यांनी तो विचारला तर त्यात उद्धटपणा काही नाही.

सुटीटाकी

खेळघर यांच्या प्रतिसादाला पुरवणी, तान्ह्या बाळांसाठी. सुईच्या साधारण दोन मिनिटं आधी 24 टक्के साखरेच्या द्रावणाचे काही थेंब जिभेच्या टोकावर, सोबत चोखणी. परिणाम काही मिनिटांचाच असतो, त्यामुळे द्रावण देऊन मग सामान शोधत बसलात तर तो वाया जातो. ट्रे आधी लावून ठेवायचा. शक्य असेल तर अंगावर पाजत पाजत टोचणं यापेक्षाही सोपं. बाळ नीट ओढायला लागल्यावर सुरुवात करायची. हे साखरेचं द्रावण हॉस्पिटलात, मोजून द्यायचं असतं. घरी रडं थांबवायला ते वापरायचं नाही.

मोठ्या मुलांसाठी थंड आणि थरथरणारी छोटी उपकरणं मिळतात. टोचण्याच्या जागेच्या वर, म्हणजे हृदयाच्या बाजूला ठेवायची. मेल्झॅक आणि वॉल या वेदनेवरच्या संशोधकांनी 1965 साली मांडलेल्या 'गेट' सिद्धांताशी हे जुळतं: स्पर्श आणि थरथरीचे संदेश पाठीच्या कण्यात वेदनेच्या संदेशाची वाट अडवतात. जागेच्या खाली, बोटांकडे ठेवलं तर फारसा उपयोग नाही, आणि बहुतेक लोक नेमकं तिथेच ठेवतात.

आईची_वही

चार वर्षांच्या मुलाच्या ऑपरेशनबद्दल त्याला किती आधी सांगावं? आजी-आजोबांचं म्हणणं, सांगूच नका, उगाच घाबरेल. हॉस्पिटलचं म्हणणं, सांगा. मधल्या मधे आमची पंचाईत.

निळीशाई

@आईची_वही, सांगायचं हे नक्की. किती आधी ते वयावर. दोन-अडीच वर्षांच्या मुलाला आदल्या दिवशी किंवा त्याच दिवशी, कारण "परवा" त्याला कळतच नाही. चार वर्षांच्याला एक ते तीन दिवस आधी. शाळेत जाणाऱ्या मुलाला पाच-सात दिवस आधी, म्हणजे प्रश्न विचारायला आणि पुन्हा विचारायला वेळ मिळतो. किशोरवयीन मुलं ऑपरेशन ठरत असतानाच खोलीत हवीत. ठरल्यावर कळवलं तर राग योग्यच असतो.

आजी-आजोबांची काळजी खोटी नाही. पण न सांगितलेलं मूल घाबरत नाही असं होत नाही. त्याला बॅग दिसते, कुजबुज ऐकू येते आणि तो स्वतःच गोष्ट रचतो. दोन ते सात या वयात ती गोष्ट बहुधा "मी काहीतरी वाईट केलं म्हणून" अशीच असते. म्हणून चार वर्षांच्या मुलाला एक वाक्य न विचारताच सांगायचं: "हे तुझ्या वागण्यामुळे झालेलं नाही, तुझ्या मनात काही आलं म्हणूनही नाही."

काय सांगायचं त्याचा क्रम: काय दिसेल, काय ऐकू येईल, कसला वास येईल, अंगाला काय जाणवेल, आणि त्यात त्याचं काम काय. शरीराच्या आत काय करणार ते मुलं कमीच विचारतात. "आई कुठे असेल?" हे सगळ्यात आधी विचारतात. त्याचं उत्तर तयार ठेवा आणि ते तंतोतंत खरं असू द्या. "मी सतत तुझ्याजवळ असेन" हे ऑपरेशन थिएटरच्या बाबतीत खरं नसतं. "या दारापर्यंत मी असेन, जागा झालास की या खुर्चीत मी असेन" हे खरं असतं.

"दुखणार नाही" हे वाक्य कुठल्याही वयात वापरू नका. "काहींना चिमटा काढल्यासारखं वाटतं, काहींना नुसतं दाबल्यासारखं. तुला कसं वाटलं ते मला सांग." एवढं बोलल्यावर मूल निरीक्षक होतं आणि त्याच्याकडे करण्यासारखं काहीतरी येतं.

मंदश्वास

भुलीच्या बाजूनं. "आम्ही तुला झोपवणार" हे शब्द लहान मुलांना रात्री झोपायलाही घाबरवतात, आणि मोठ्या मुलांना वाटतं की ऑपरेशनच्या मध्येच जाग येईल. असं सांगावं: "ही रोजची झोप नाही. औषधानं येते, डॉक्टर पूर्ण वेळ शेजारी बसून ते देत राहतात, आणि काम संपलं की औषध बंद होतं आणि तू जागा होतोस." तसंच "रक्त काढणार" ऐकून काही मुलांना सगळंच रक्त जाईल असं वाटतं. छोटी बाटली दाखवा, "एवढंच, आणि शरीर नवं बनवतं" म्हणा.

मास्कची तयारी आदल्या दिवशी: मास्क मुलाच्या हातात द्यायचा, बाहुलीला लावू द्यायचा, मग स्वतःच्या गालाला, मग नाकाला. आत आवडत्या वासाचं लिप बाम लावता येतं. वास कुठला ते त्यानं ठरवायचं. मास्क अचानक मागून आणणं हा सगळ्यात वाईट मार्ग, पुढच्या ऑपरेशनपर्यंत ते लक्षात राहतं.

आईवडील भूल देताना सोबत असावेत की नाही यावर माझं मत सरसकट हो नाही. शांत पालक असेल तर फायदा होतो. पालक स्वतः थरथरत असेल तर मूल त्याच्याकडे बघून जास्त घाबरतं, आणि मग आदल्या दिवसाची तयारी किंवा आधी दिलेलं शामक औषध जास्त उपयोगी पडतं. सोबत येणार असतील तर त्यांना आधी सांगायलाच हवं: मुलाचे डोळे फिरतील, अंग ढिलं पडेल किंवा हातपाय थोडे हलतील, घोरल्यासारखा आवाज येईल. हे सगळं अपेक्षित आहे. न सांगता हे दिसलं तर आईबापांना वाटतं मूल गेलं.

जागं होतानाचंही सांगून ठेवा. काही मुलं, विशेषतः दोन ते पाच वयातली, भुलीतून उठताना वीस-तीस मिनिटं ओळख न पटल्यासारखी आरडाओरडा करतात. समजावून उपयोग नसतो. दिवे मंद, आवाज कमी, पडून इजा होणार नाही एवढं बघायचं. ते ओसरतं.

आईची_वही

धन्यवाद दोघांनाही. दाराचं वाक्य नीट लिहून घेतलं.

चुंबकघर

एमआरआयबद्दल लिहितो, कारण इथे तयारीचा फायदा थेट मोजता येतो: मूल न हलता पडून राहिलं तर भूल टळते.

अडचण सुईची नाही, आवाजाची आणि स्थिर राहण्याची. आवाज शंभर डेसिबलच्या वर जातो आणि तपासणीच्या दर टप्प्यात बदलतो: ठकठक, घरघर, सायरनसारखा. रेकॉर्डिंग आधी घरी ऐकवायचं, पहिल्यांदा हळू, मग मोठ्यानं. टेबलाखाली चादर टाकून बोगदा करायचा, डोक्याच्या दोन्ही बाजूंना गुंडाळलेले टॉवेल, आणि "पुतळा" खेळायचा. पहिल्या दिवशी एक मिनिट, मग तीन, मग पाच. तपासणीतला एकेक टप्पा काही मिनिटांचाच असतो आणि मधे थांबा येतो, त्यामुळे अर्धा तास सलग पुतळा होण्याचा सराव लागत नाही. श्वास, पापण्या आणि नाकाला येणारी खाज आधीच बोलून टाका: श्वास घेता येतो, डोळे मिचकावता येतात, गिळायचं आणि खाजवायचं असेल तर आवाज थांबल्यावर, सांगून.

मुलं काय चुकतात? "हलू नको" म्हटलं की डोकं स्थिर ठेवतात आणि पाय हलवतात. पाय हलले की कंबर हलते आणि कंबरेसोबत डोकं. म्हणून सरावात पोटावर हलकं खेळणं ठेवा, ते पडू द्यायचं नाही. बोलतानाही जबडा आणि डोकं हलतं, म्हणून उत्तर हातातला फुगा दाबून द्यायचं. तो फुगा दाबला की यंत्र चालवणारा माणूस बोलतो, हे यंत्रात जायच्या आधी दाबून दाखवायचं. नाहीतर मूल त्याच्यावर विश्वास ठेवत नाही.

डोक्याच्या तपासणीत चेहऱ्यावर पिंजऱ्यासारखी जाळी येते, ती आधी दाखवलीच पाहिजे. अनेक यंत्रांवर आरसा असतो, त्यातून पायाशी उभी असलेली आई दिसते. सोबत जाणाऱ्याचीही धातूची तपासणी होते. पेसमेकर असलेल्या पालकाला आत जाता येत नाही, आणि हे ऐनवेळी कळलं तर सोबतीची सगळी योजना कोसळते. सोबतचं मऊ खेळणंही तपासा: आत बॅटरी, चुंबक, धातूची तार असते.

पाच-सहा वर्षांपासून पुढची बरीच मुलं सराव करून भुलीशिवाय जमवतात. त्याहून लहान मुलांत मुलागणिक फरक. पहिल्या काही महिन्यांच्या बाळांना पोटभर पाजून, गुंडाळून, नैसर्गिक झोपेत तपासता येतं. दीड-दोन वर्षांच्या मुलाकडून मात्र अपेक्षा धरू नका. तिथे भूल द्यावी लागली तर ते पालकांचं अपयश नाही.

कोराकागद

माझी शंका थोडी विरोधी आहे. सगळं सांगत बसण्यापेक्षा टॅबलेट हातात दिला आणि पटकन उरकलं तर काय बिघडतं? काही मुलांना माहितीनं जास्त भीती वाटते.

खेळघर

@कोराकागद, शंका रास्त आहे. मुलं दोन प्रकारची असतात: बघणारी आणि तोंड फिरवणारी. बघणाऱ्याला ट्रेवरची प्रत्येक वस्तू हवी असते. त्याच्या डोळ्यांसमोर टॅबलेट धरला तर तो टॅबलेटच्या कडेवरून सुईच शोधत राहतो, आणि लपवलंय म्हणजे भयंकर आहे असं समजतो. तोंड फिरवणाऱ्याला एवढं सांगितलं तरी पुरतं: "टोचण्याआधी मी सांगेन, हात हलवू नकोस, मग गाणं लावू." कोणता प्रकार आहे ते मागच्या वेळी काय झालं ते विचारून कळतं, किंवा वस्तू समोर ठेवल्यावर मूल पुढे वाकतं की मागे सरकतं त्यावरून.

टॅबलेटला विरोध नाही. पण न सांगता लक्ष वळवून टोचलं तर एकदाच फावतं. पुढच्या वेळी तोच टॅबलेट दिसला की मूल ओरडायला लागतं, कारण आता टॅबलेट म्हणजे सुई. दर आठवड्याला सुई घेणाऱ्या मुलाच्या बाबतीत हे फार महाग पडतं. आणि नुसतं बघायच्या व्हिडिओपेक्षा हातानं खेळायचा खेळ जास्त धरून ठेवतो. फुंकर घालायचे साबणाचे फुगे त्याहून बरे: लांब उच्छ्वास होतो, आणि रडता रडता फुंकता येत नाही. फुगे पुसायला खाली कपडा ठेवा, फरशी निसरडी होते.

पांढरीबाहुली

खेळाबद्दल लिहायला हवं, कारण "करमणूक करणारी ताई" हाच समज सगळीकडे आहे.

पांढऱ्या सुती कापडाची, चेहरा नसलेली बाहुली. साधारण वीतभर ते दीड वीत, कापूस भरलेली. चेहरा मूल स्वतः काढतं. तो हसरा निघतो की ओरडणारा, हे पहिलं निदान. मग खरं सामान: सुई काढलेली सिरिंज, सलाईनची प्लास्टिकची नळी, टुर्निकेट (शीर वर यावी म्हणून दंडाला बांधायचा पट्टा), चिकटपट्टी, गॉज, मास्क, बीपीचा पट्टा. खेळण्यातला प्लास्टिकचा डॉक्टर-संच यासाठी कमी पडतो. त्यातली सिरिंज खरी दिसत नाही आणि मुलाला ते समजतं. तीन वर्षांखालच्या मुलाजवळ 3.17 सेंटिमीटर व्यासाच्या नळीत मावणारं काहीही ठेवायचं नाही. सिरिंजची रबरी टोपी आणि नळीची टोकं या मापात येतात.

दोन वेगळ्या गोष्टी आहेत. तयारीच्या खेळात मोठा माणूस क्रमानं दाखवतो. तयारी नसलेल्या, मोकळ्या खेळात मूल पुढे आणि आपण मागे. मूल बाहुलीला वीस वेळा टोचेल, ओरडेल, "हलू नको!" म्हणेल. अडवायचं नाही, "असं नाही करायचं" म्हणायचं नाही, "तुला पण असंच वाटलं का?" असा प्रश्नही लगेच टाकायचा नाही. "बाहुली खूप जोरात रडतेय" एवढंच. मुलं त्यावर पुढचं स्वतः सांगतात. अनेक गैरसमज इथेच उघडे पडतात: प्लास्टरच्या आत पाय आहे की नाही, सलाईन काढल्यावर भोकातून सगळं सांडेल का.

खेळ एकाच जागी अडकून राहिला, रोज तोच प्रसंग, त्याच ताणानं, कुठलाच बदल नाही, तर ते मानसशास्त्रज्ञांकडे पाठवण्याचं लक्षण समजावं.

जंतुसंसर्गाबद्दल: कापडी बाहुली आणि मळायची माती एका मुलाची एकालाच. कडक खेळणी प्रत्येक मुलानंतर पुसून, वॉर्डात मंजूर असलेल्या द्रावणानं, सांगितलेला वेळ ओलं ठेवून. नुसतं पुसून लगेच कोरडं केलं तर जंतू मरत नाहीत. विलगीकरणातल्या मुलाला दिलेलं खेळणं खोलीबाहेर येत नाही.

सुटीटाकी

प्लास्टर कापण्याबद्दल छोटंसं. ती करवत फिरत नाही, जागच्या जागी थरथरते. म्हणून कडक प्लास्टर कापते आणि ताणून सरकणारी मऊ कातडी सहसा सोडते. तंत्रज्ञानं ती आपल्या तळहाताला क्षणभर टेकवून दाखवली की निम्मी भीती जाते. पण पातं तापतं, "काहीच जाणवणार नाही" म्हणू नका: गुदगुल्या, थरथर, थोडं गरम. फार गरम वाटलं तर "थांबा" म्हणायचं आणि तंत्रज्ञानं खरोखर थांबायचं. कानावर हेडफोन. आणि आधीच सांगा की आतला हात बारीक, कोरडी साल निघालेला आणि ताठर दिसेल. मुलं कापण्यापेक्षा त्या हातालाच जास्त दचकतात.

कोराकागद

स्वमग्न मुलांचं काय? वरचं बरंच त्यांना लागू पडणार नाही असं वाटतं.

निळीशाई

बरंच लागू पडतं, फक्त बोलणं कमी आणि चित्रं जास्त. "आधी – मग" अशी दोन चित्रांची पाटी: आधी बीपी, मग आवडीची वस्तू. लांब प्रसंगाला पाच-सहा चित्रांची पट्टी, झालेलं चित्र मुलानं स्वतः काढून टाकायचं. भेटीआधी पालकांना फोनवर विचारायचं: काय आवडतं, कोणता स्पर्श सहन होत नाही, त्रास वाढतोय हे पहिल्यांदा कशावरून कळतं, आणि "नको" हे मूल कसं सांगतं. ट्यूबलाइटची घरघर, हातमोज्यांचा वास, स्पिरिटचा थंडपणा हे सुईपेक्षा जड जाऊ शकतं. काहींना हलका स्पर्श असह्य होतो आणि घट्ट दाब शांत करतो. प्रतीक्षागृहात तासभर बसवलं तर आत जायच्या आधीच सगळं संपलेलं असतं. शक्यतो दिवसातली पहिली वेळ द्यावी, नाहीतर गाडीत थांबू देऊन फोन करावा.

तीन आकडे मोजून टोचायचं ही पद्धत इथे जपून. काही मुलांना मोजणं आवडतं, पण तीन म्हटल्यावर सुई हुकली आणि पुन्हा मोजावं लागलं तर आकड्यांवरचा विश्वासच जातो.

वेदना मोजण्याबद्दलही इथेच. बोलू न शकणाऱ्या मुलांसाठी फ्लॅक पट्टी: चेहरा, पाय, हालचाल, रडणं, शांत होणं. प्रत्येकाला 0 ते 2, एकूण 10. बौद्धिक अडचण असलेल्या मुलांसाठी तिची सुधारित आवृत्ती आहे, त्यात या मुलाचं दुखणं कसं दिसतं ते पालक भरतात. चार वर्षांपासून पुढे सहा चेहऱ्यांची सुधारित पट्टी चालते. तिच्यात हसरा चेहरा आणि अश्रू दोन्ही नाहीत, आणि ते मुद्दाम. नाहीतर मूल दुखण्याऐवजी दुःखाकडे बोट दाखवतं.

पायरीवरचा

भावंडांबद्दल कोणी लिहिलं नाही. आयसीयूत भाऊ किंवा बहीण असताना घरी ठेवलेल्या मुलाला काय सांगायचं?

पांढरीबाहुली

भेटवायचं असेल तर आधी खोलीचा फोटो. फोटोत पहिल्यांदा यंत्रं, मग बिछाना, मग चेहरा, या क्रमानं. "ही नळी त्याला श्वास द्यायला मदत करते, म्हणून तो बोलू शकत नाही. हात थोडे सुजलेत. हा आवाज यंत्र सिस्टरना बोलावतं म्हणून येतो." भावंडाला काम द्यायचं: चित्र लावणं, गोष्ट वाचणं, पायाला हात लावणं (कुठे लावता येईल ते सिस्टरला आधी विचारून). पाच-दहा मिनिटं पुरेत. बाहेर पडायची खूण ठरवून ठेवा आणि त्याच्यासोबत बाहेर पडणारा वेगळा माणूस हवा, आईनं एकाला सोडून दुसऱ्याबरोबर जायची वेळ येऊ नये. भेटायचं नसेल तर जबरदस्ती नाही, आवाज रेकॉर्ड करून पाठवता येतो. आजाराचं नाव सांगा. "बरं नाही" एवढंच सांगितलं तर पुढच्या साध्या सर्दीला ते मूल घाबरतं.

मृत्यूबद्दल बोलायची वेळ आली तर "गेला", "झोपला", "लांब गेला" हे शब्द लहान मुलाला थांबून वाट बघायला लावतात. "त्याचं शरीर काम करायचं थांबलं. तो मेला. श्वास घेत नाही, त्याला दुखत नाही, थंडी वाजत नाही, आणि तो परत येऊ शकत नाही." हे मोठ्यांच्या तोंडून निघणं फार कठीण जातं, म्हणून आम्ही आईवडिलांबरोबर आधी शब्द ठरवतो, लागले तर कागदावर लिहून देतो. शक्यतो त्यांनीच सांगावं, आम्ही शेजारी बसतो. पाच-सहा वर्षांखालचं मूल ऐकून लगेच खेळायला जाईल, आणि तासाभरानं "मग तो उद्या येईल?" विचारेल. त्याला समजलं नाही किंवा वाईट वाटलं नाही असा अर्थ काढू नका. दर वेळी तेच उत्तर, त्याच शब्दांत. "मी पण मरेन का, आई मरेल का?" हा प्रश्न येतोच. "बहुतेक माणसं खूप म्हातारी होईपर्यंत जगतात. तुझी काळजी घ्यायला मी आहे, बाबा आहेत, मावशी आहे," असं नावं घेऊन सांगा.

हाताचे ठसे, केसांची बट, आवाजाचं रेकॉर्डिंग, हे कुटुंबाला विचारून आणि त्यांना हवं असेल तरच. शाईचा ठसा घेताना कागद टणक पाटीवर लावून हाताकडे न्यायचा. हात कागदाकडे ओढला तर बोटं पुसटतात. भावंडाचा ठसा त्याच कागदावर घेता येतो. दोन-तीन प्रती घ्या, कुटुंबं पुढे मागतात.

पायरीवरचा

हे फार नेमकं लिहिलंत ताई. मनापासून आभार.

आईची_वही

गोळी गिळण्याबद्दल कोणी सांगेल का? सहा वर्षांपुढच्या मुलांना सिरपच हवं असतं.

सुटीटाकी

आठवडा-दोन आठवडे, रोज पाच-दहा मिनिटांचा सराव, औषधाच्या वेळेपासून वेगळा. साखरेच्या अगदी बारीक दाण्यापासून सुरू करून गोळीच्या आकारापर्यंत चढत जायचं. एका आकारावर सलग चार-पाच वेळा जमलं की पुढचा, हुकलं की एक पायरी खाली उतरून तिथेच संपवायचं, म्हणजे शेवट जमलेल्यावर होतो. मूल ताठ बसलेलं, मोठं माणूस समोर, हसत-पळत सराव नाही. कॅप्सूल पाण्यावर तरंगते, म्हणून ती जिभेवर ठेवून, घोट घेऊन, हनुवटी छातीकडे वाकवून गिळायची. मान मागे टाकली तर ती दातांकडे येते. चावायच्या नसलेल्या किंवा हळूहळू विरघळणाऱ्या गोळ्या फोडून देऊ नका, आधी फार्मासिस्टना विचारा. गिळताना नेहमीच ठसका लागत असेल तर सराव थांबवून डॉक्टरांना दाखवा.

पायरीवरचा

या कामाचं शिक्षण कुठलं? बालवाडी शिक्षिका या क्षेत्रात येऊ शकतात का?

निळीशाई

येतात, एमा प्लँकच शिक्षिका होत्या. अमेरिकेतल्या असोसिएशन ऑफ चाइल्ड लाइफ प्रोफेशनल्सच्या प्रमाणपत्रासाठी पदवी, ठरलेले विषय, प्रमाणित स्पेशालिस्टच्या देखरेखीखाली किमान 600 तासांची इंटर्नशिप आणि परीक्षा लागते. ही संस्था 1982 साली चाइल्ड लाइफ कौन्सिल म्हणून सुरू झाली, 2016 साली नाव बदललं. ब्रिटनमध्ये हेल्थ प्ले स्पेशालिस्टचं शिक्षण आणि नोंदणी वेगळी. बालविकास पक्का हवा. मुलांशी गोड बोलता येणं पुरत नाही: डॉक्टरला "दोन मिनिटं थांबा, मलम अजून बसलेलं नाही" असं सांगता आलं पाहिजे.

जिथे असं पद नाही तिथे कुठून सुरुवात करावी असं मला विचारतात. माझं उत्तर: केसपेपरवरच्या एका ओळीपासून. "डावा हात, बघायला आवडतं, मोजायचं नाही, आईच्या मांडीवर, मलम 60 मिनिटं, मागच्या वेळी पट्टी काढताना जास्त रडला." पुढच्या पाळीच्या सिस्टरला ही ओळ मिळाली की तिला पुन्हा शून्यापासून शोधावं लागत नाही. शेवटचा भाग नेहमी राहून जातो, आणि तो फार कामाचा असतो: अनेक मुलांना सुईपेक्षा चिकटपट्टी निघताना जास्त त्रास होतो. त्यासाठी चिकटपणा सोडवणारं द्रावण, नाहीतर तेलाचा बोळा. पट्टी कातडीला समांतर, हळू, मुलानं स्वतः काढायची. झटक्यात ओढायची नाही.

खेळघर

+१. त्या ओळीवर तारीखही टाका. मुलं मोठी होतात, सहा महिन्यांपूर्वी मांडीवर बसणाऱ्याला आता खुर्चीत एकटं बसायचं असतं. दर वेळी एकदा विचारून घ्यायचं.